अपील काढून घेतलं, अक्का

अक्का, काल आपली तारीख होती.

मी सकाळी सातलाच नळदुर्गच्या स्टँडवर जाऊन उभी राहिले. उमरग्याकडून येणारी धाराशिव गाडी लागली आणि चढता चढता माझी नजर डावीकडच्या तिसऱ्या खिडकीकडं गेली. चार वर्षांची सवय. तू अणदूरलाच चढलेली असायचीस. खिडकी धरून, पदर दोन्ही कानांवरून घट्ट ओढून, आणि शेजारच्या जागेवर तुझी ती निळी नायलॉनची पिशवी. काल तिथं कॉलेजची एक मुलगी कानात वायर घालून बसली होती. तिच्या शेजारची जागा मोकळी होती, तरी मला तिथं बसवेना. मी मागं जाऊन बसले, दर तारखेला बसायचे तशी.

ती पिशवी तू माझ्यासाठी जागा धरायला ठेवायचीस की मी तिथं बसू नये म्हणून, हे मी तुला एकदाही विचारलं नाही. विचारलं असतं तरी तू सरळ उत्तर दिलं नसतंस. 'भाकरी हाय त्यात, मांडीवर दबल म्हणून ठेवली,' असं काहीतरी म्हणाली असतीस.

एकदा कंडक्टरनं आपल्या दोघींकडं आळीपाळीनं बघून विचारलं होतं, आठवतंय? "बहिणी का? तोंडावळा एकच हाय." तू खिडकीबाहेर बघत म्हणालीस, "व्हय. कोर्टात चाललाव." त्या बिचाऱ्याला वाटलं आपण दोघींनी मिळून तिसऱ्याच कुणावर तरी केस केलीय. "तुळजापूरच्या आईसाहेब यश देतील तुम्हाला," म्हणाला तो, आणि पुढं गेला. तुझे खांदे हलताना मला मागून दिसले. तू हसत होतीस. मीही हसले. पण तू वळून बघितलं नाहीस आणि मीही तुला हाक मारली नाही.

तुला जाऊन अजून महिना व्हायचाय. लोक भेटायला येतात आणि विचारतात, "काशीबाई काय करायच्या?" मी सांगते, गिरणी चालवायच्या. एवढं सांगितलं की त्यांचं समाधान होतं. माझं होत नाही.

माझ्या आठवणीतली पहिली अक्का पांढरी आहे. भुवया, पापण्या, कानाच्या पाळ्या, सगळं पिठानं पांढरं. अप्पांची गिरणी तेव्हा डिझेल इंजिनावर चालायची. तू तेराचौदा वर्षांची आणि मी तुझ्याहून नऊ वर्षांनी लहान. तू मला धान्याच्या तराजूत बसवायचीस आणि समोरच्या पारड्यात वजनं टाकून म्हणायचीस, "सुमी आज दोन शेर वाढली." शाळेचं गॅदरिंग असलं की सुपातलं तांदळाचं पीठ बोटावर घेऊन माझ्या गालाला लावायचीस, पावडर म्हणून. घामानं त्याची पेज व्हायची. मी रडत घरी यायचे आणि तू पोट धरून हसायचीस.

मग तुझं लग्न झालं, लोहाऱ्याकडच्या गावात. दोन वर्षांनी तू एक दिवस दुपारी परत आलीस. हातात ट्रंक, बाकी काही नाही. अप्पांनी काही विचारलं नाही. तू ट्रंक मागच्या खोलीत ठेवलीस, तोंड धुतलंस आणि गिरणीत जाऊन उभी राहिलीस. त्यानंतर तू तिथून हलली नाहीस. आई आधीच वारली होती आणि अप्पांना गिरणी एकट्यानं उरकत नव्हती. मी डी.एड.ला गेले ती तुझ्या जिवावर. घरून वसतिगृहात परत गेले की माझ्या पिशवीत तू भरून दिलेलं ज्वारीचं, बाजरीचं, हरभऱ्याचं पीठ असायचं, एकेका पुडीवर तुझ्या वाकड्या अक्षरात नाव लिहिलेलं. बाजरीतला 'ज' तुला शेवटपर्यंत नीट जमला नाही. मी शिक्षिका होऊन गावोगावच्या पोरांना ज शिकवला, तुला शिकवायचं राहिलं.

आता ते सांगते, जे सांगायला इतके दिवस लागले.

अप्पा एकदा नळदुर्गला माझ्याकडं आले होते, तेव्हा ओसरीत बसून म्हणाले होते, "मागच्या दोन खोल्या तुझ्या हं, सुमे. कवाबी ये." मी ते वाक्य जपून ठेवलं. अप्पा गेले. नऊ वर्षांनी आमचे मालक गेले. मुलगा-सून पुण्याला, मी सेवानिवृत्त होऊन भाड्याच्या घरात एकटी. सकाळी उठून कुणाशी बोलायचं हा प्रश्न पडायला लागला. एक दिवस ठरवलं, अणदूरला अक्काकडं जायचं आणि सांगायचं की मी राहायला येते. बसमध्ये वाक्य पाठ करत आले होते, पहिल्या दिवशी वर्गात जाताना करायचे तसं.

तू गिरणी चालू ठेवून उभी होतीस. समोर बायकांची रांग, डबे, पोती. मी तुझ्याजवळ गेले आणि म्हणाले, "अक्का, मला इथं राहायला यायचंय. तुझ्याजवळ." हळू म्हणाले. चारचौघींत मोठ्यानं म्हणायची लाज वाटली.

तू म्हणालीस, "काय?"

मी म्हणाले, "मागच्या खोल्यांत."

"मागच्या खोल्यांत हरभऱ्याची पोती हैत," तू ओरडलीस, हात न थांबवता.

मला वाटलं, तू टाळतेस. माझा आवाज चढला. "त्या खोल्या माझ्या आहेत, अक्का! अप्पांनी मला दिल्यात!"

हे मात्र तुला ऐकू गेलं. तू खटका ओढलास. पट्टा फिरत फिरत थांबला. त्या गिरणीत मी इतकी शांतता कधी ऐकली नव्हती. सगळ्या बाया आपल्याकडं बघत होत्या. तू हात पदराला पुसलेस आणि म्हणालीस, "अप्पानं समदं माझ्या नावावर केलंय. तुला सांगितलं न्हाय का त्यांनी?"

"कधी केलं?"

"जायच्या आदी चार वर्सं. तुळजापूरला जाऊन."

मी तिथून निघाले. तू दोनदा हाक मारलीस. चहा घेऊन जा म्हणालीस. मी स्टँडवर येऊन तासभर उन्हात उभी राहिले आणि पुढच्या आठवड्यात तुला वकिलाची नोटीस पाठवली.

तुला कमी ऐकू येतं हे मला पुढं कोर्टात कळलं. साहेबांना प्रत्येक प्रश्न दोनदा विचारावा लागत होता. पन्नास वर्षं त्या पट्ट्याच्या आवाजात उभं राहून तुझे दोन्ही कान गेले होते, आणि मी, तुझी बहीण, पदर कानावर ओढणं ही नुसती तुझी सवय समजत होते. त्या दिवशी माझं पहिलं वाक्य तुझ्यापर्यंत पोचलंच नव्हतं. तू फक्त खोल्यांबद्दलचं ऐकलंस. आणि आपण दोघी चौदा वर्षं त्या खोल्यांच्या वाक्यावर भांडलो.

दाव्यात माझ्या वकिलांनी एक वाक्य लिहिलं होतं. 'प्रतिवादीने वृद्ध वडिलांच्या आजारपणाचा गैरफायदा घेऊन, त्यांना फसवून मृत्युपत्र करून घेतले.' मी ते वाचलं. वकील म्हणाले, असं लिहिल्याशिवाय मृत्युपत्र पाडता येत नाही. मी सही केली. सही करताना मला पक्कं ठाऊक होतं की ज्या वर्षी ते मृत्युपत्र झालं त्या वर्षी अप्पा ठणठणीत होते. त्याच वर्षी ते पाठीवर पिठाचं पोतं घेऊन स्टँडपासून माझ्या घरापर्यंत चालत आले होते. मृत्युपत्राची नक्कल हाती आली तेव्हा त्यात एक ओळ होती, अप्पांच्या बोलण्यासारखीच: 'धाकटीला नोकरी आहे, संसार आहे. थोरलीला या जागेशिवाय कोणी नाही.' अक्का, मला त्या ओळीचा राग आला होता. मी कोणी नव्हते का तुझी? अप्पांनी मला हिशेबातच धरलं नव्हतं. मला भांडायचं होतं अप्पांशी. ते हाती लागण्यासारखे नव्हते. तू होतीस, म्हणून तुझ्याशी भांडले.

तुळजापूरच्या कोर्टात तुझा उलटतपास झाला तो दिवस मला विसरता येत नाही. माझ्या वकिलांनी तुला विचारलं, "तुम्हाला तुमच्या नवऱ्यानं का सोडलं?" ही माहिती त्यांना मीच दिली होती. तुला ऐकू गेलं नाही. त्यांनी पुन्हा विचारलं, मोठ्यानं. पुन्हा ऐकू गेलं नाही. तिसऱ्यांदा ते इतक्या जोरात म्हणाले की बाहेर व्हरांड्यात उभे असलेले लोक आत डोकावले.

तू कठड्याला धरून उभी होतीस. म्हणालीस, "त्यानं सोडलं न्हाय, साहेब. म्याच उठून आले."

"का आलात?"

"ते ह्या जागेच्या दाव्याला लागतंय का?" तू न्यायाधीशांकडं बघून विचारलंस. ते माझ्या वकिलांना म्हणाले, पुढं चला.

म्याच उठून आले. मी तुझ्या पाठची बहीण, आणि हे मला त्या कोर्टात, वादी म्हणून बाकावर बसून कळलं. तू ट्रंक घेऊन आलीस तेव्हा मी तेरा वर्षांची होते. तेव्हापासून मी गावाचं ऐकून तुला सोडलेली बाई समजत होते, आणि मनातल्या मनात तुझी कीव करत होते. तुझी कीव करणं मला सोपं जात होतं. तू स्वतःच्या पायानं चालत आलीस हे कळल्यावर तुझ्याकडं बघायची माझी छाती होईना. मी बाकावर खाली मान घालून बसून राहिले. उठून वकिलाला 'बास' म्हणायला हवं होतं. नाही म्हणाले.

मी हरले. मग धाराशिवला अपील केलं. का केलं, याचं उत्तर द्यायचं तर लाज वाटते. अपील संपलं असतं तर तुला भेटायचं काही कारणच उरलं नसतं. दर दोनतीन महिन्यांनी तारीख पडायची आणि त्या दिवशी मी चांगलं लुगडं नेसून निघायचे. आजारी असले तरी जायचे. वकील म्हणायचे, "बाई, तुम्ही नाही आलात तरी चालतं, मी बघून घेतो." मी म्हणायचे, येते. तुझा वकीलही तुला तसंच सांगत असणार. तरी तू यायचीस.

मागच्या उन्हाळ्यात तुळजापूरच्या अलीकडं गाडी बंद पडली, तो दिवस माझ्याजवळ आहे. ड्रायव्हर म्हणाला, दुसरी गाडी यायला तास लागेल. सगळे उतरले. रस्त्याकडेला एकच लिंब होता. त्याच्या सावलीत तू बसलीस, आणि दुसरीकडं सावलीच नव्हती, म्हणून मीही येऊन बसले, हातभर अंतर ठेवून. तू पिशवी उघडलीस. भाकरी, शेंगाची चटणी, कांदा. भाकरीचे दोन तुकडे केलेस आणि एक माझ्यापुढं धरलास, माझ्याकडं न बघता.

"उपास आहे," मी म्हणाले.

"आज कसला उपास?"

मला कुठला वार तेही आठवेना. मी भाकरी घेतली. तू चटणी वाढलीस.

"गुडघ्याचं काय म्हणला डॉक्टर?" तू विचारलंस. तुझ्या अंदाजानं तू हळू बोलत होतीस, पण अर्धी गाडी ऐकत होती.

"ऑपरेशन करा म्हणतो."

"करू नको. शेजारच्या भाभीनं केलं, अजून लंगडतीय."

मग बराच वेळ आपण नुसत्या जेवलो. तू बोट चाटून म्हणालीस, "आपला खंडोबा बघ. थोडे म्हयने तुमच्या नळदुर्गाच्या मैलारपूरला ऱ्हातो, बाकी समदं वरीस अणदुरात. दोन गावं अन् देव एकच. कागद लिवून घेत्यात अन् पालखी हलवत्यात. त्यास्नी जमतंय."

"देव बोलत नाही म्हणून जमतं," मी म्हणाले.

तू इतकी हसलीस की तुला खोकला आला. तो खोकला लवकर थांबला नाही. मी पाणी दिलं. पाणी पिऊन झाल्यावर तू बाटलीचं झाकण लावत म्हणालीस, "सुमे, तू लिवलंयस की म्या अप्पाला फसवलं."

"वकिलांनी लिहिलंय, अक्का."

"सही तुझी हाय."

मी पदरानं बोटं पुसत राहिले.

"तेवढं काढून टाक. खोल्यांचं कायबी होऊ दे. कोर्ट म्हणंल तसं. पर तेवढं वाक्य काढ. मेल्यावर अप्पास्नी काय तोंड दावू?"

"वकिलांना विचारते," मी म्हणाले.

दुसरी गाडी आली. गर्दी होती, आपल्याला लांब लांब जागा मिळाल्या. कोर्टात तारीख पुढं ढकलली गेली.

मी वकिलांना विचारलं नाही. पहिल्यांदा विसरले, असं स्वतःला सांगितलं. नंतर वाटलं, ते वाक्य काढलं तर अपिलात उरतं काय? अपीलच संपेल. आणि मी खोटं लिहिलं होतं हे चारचौघांत मान्य करावं लागेल. आयुष्यभर पोरांना खरं बोला म्हणून सांगितलेली बाई मी. पुढच्या तारखेला तू माझ्याकडं एकदा बघितलंस, विचारल्यासारखं. मी फाईल चाळत राहिले. त्याच्या पुढच्या तारखेला तू बघितलंही नाहीस.

तुझ्या शेजारच्या रुक्साना भाभीचा फोन आला तेव्हा मी कपडे वाळत घालत होते. "बाई, अक्काला सोलापूरला दवाखान्यात नेलंय. तबेत लई बिघडलीय. तिनं बोलावलं न्हाय तुमाला, म्याच बोलावतेय. या."

मी दोन दिवस तुझ्याजवळ होते. डॉक्टर म्हणाले, छातीत पीठ बसलंय, वर्षानुवर्षांचं. तुझ्या तोंडाला ऑक्सिजनचा मास्क होता. मला बघून तुझे डोळे मोठे झाले, आणि मग तू माझा हात धरलास. तुझी पकड अजून तशीच होती, पोतं धरायची. मी सारखं काहीबाही बोलत राहिले. बरं वाटतंय का, पाठ दुखते का, उशी उंच करू का. त्यातलं तुला किती ऐकू आलं देव जाणे. एकदा तू मास्क खाली ओढलास. तुझे ओठ हलले. मी घाबरले. "काढू नको, अक्का, डॉक्टर रागावतील," असं म्हणून मी तो परत तुझ्या तोंडावर बसवला. तू हात सोडलास आणि डोळे मिटून घेतलेस.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी चहा आणायला खाली गेले. वर आले तेव्हा नर्स तुझ्या पायांवर चादर ओढत होती.

तू काय सांगणार होतीस? 'पाणी दे' म्हणणार होतीस? 'ते वाक्य काढलंस का' विचारणार होतीस? मी रोज वेगळं उत्तर धरून बसते. कधी वाटतं, तू नुसतं 'सुमे' म्हणणार होतीस. मला तेवढंही पुरलं असतं.

तेरावा झाल्यावर मी वकिलांकडं गेले. त्यांनी तुझा मृत्यूचा दाखला बघितला, चष्मा काढला आणि म्हणाले, "बाई, आता अपिलाला अर्थ राहिला नाही. काशीबाईंना मूलबाळ नाही. जागा वडिलांकडून आलेली, तेव्हा ती वडिलांच्या वारसाकडं जाणार. वारस तुम्ही एकट्याच. तुम्हीच अपील करणार आणि समोरही तुम्हीच, असं कसं चालेल? नुसत्या गप्प बसा. आपोआप निकाली निघेल."

"मला ते काढून घ्यायचंय," मी म्हणाले.

"एकच झालं की."

"नाही, साहेब. आणि काढून घेताना एक वाक्य लिहायचंय."

मी सांगितलेलं वाक्य ऐकून ते खुर्चीत मागं टेकले. म्हणाले, असं कुणी लिहीत नाही. तुम्ही शपथेवर खोटं सांगितलं असा त्याचा अर्थ होतो. मी म्हणाले, तसाच अर्थ आहे.

काल अकराच्या सुमारास पुकारा झाला. "सुमनबाई विरुद्ध काशीबाई." मी उठले. समोरची बाजू रिकामी होती. म्हणजे तुझे वकील होते, ते पांढऱ्या मिशांचे. मात्र तू जिथं उभी राहायचीस तिथं कुणी नव्हतं. वकिलांनी अर्ज पुढं दिला. न्यायाधीशबाई तरुण आहेत, आपल्या वेळी नव्हत्या या. त्यांनी अर्ज वाचला आणि माझ्याकडं बघितलं.

"प्रत्यर्थी मयत आहेत. वारस कोण?"

"मीच, बाई."

"मग हा अर्ज कशाला दिलात? अपील तसंही निकाली निघेल."

मी म्हणाले, "तसं निकाली निघालं तर माझी बहीण खरी होती की खोटी, ते तसंच राहतं. ती खरी होती. मी खोटं लिहून दिलं होतं. तिनं मला ते काढायला सांगितलं होतं आणि मी काढलं नाही. ते आता लिहून घ्या."

त्यांनी अर्ज पुन्हा एकदा वाचला. मग लेखनिकाला त्यांनी सावकाश सांगितलं आणि त्यानं टाईप केलं. मी तुला शब्दशः सांगते. अपीलकर्तीने अपील बिनशर्त काढून घेतले आहे. मयत काशीबाई यांनी वडिलांना फसवून मृत्युपत्र करून घेतले हा आरोप खरा नव्हता, असे अपीलकर्ती स्वतः सांगते. खालच्या कोर्टाचा निकाल कायम. मला सही करायला सांगितलं. अक्का, अपील दाखल केलं तेव्हा कागदावर उस्मानाबाद होतं, काल सही केली तिथं धाराशिव होतं. इतका काळ गेला तेवढ्या एका वाक्यात.

बाहेर व्हरांड्यात तुझे वकील माझ्यामागून आले. म्हणाले, "बाई, माझं काम त्या गेल्या तेव्हाच संपलं. तरी आलो. तुळजापूरला मी तुमचा उलटतपास घेतला होता, आठवतंय? चार प्रश्न विचारून बसलो होतो."

मला आठवत होतं. तेव्हा मला वाटलं होतं, यांची तयारीच नाही.

"बावीस प्रश्न काढले होते मी. काशीबाई सकाळीच म्हणाल्या, माझ्या बहिणीवर आवाज चढवायचा न्हाय. ती लहानपणापासून घाबरट हाय. लोकांत रडंल. मी म्हणालो, मग केस कशी जिंकायची? म्हणाल्या, हरलाव तर हरलाव."

मी व्हरांड्यातल्या बाकावर बसले. तुझ्या उलटतपासात मी बाकावर मान खाली घालून बसले होते, ते त्याच दिवशी दुपारी. सकाळी तू माझ्यासाठी हे करून ठेवलं होतंस, आणि दुपारी माझ्या वकिलानं तुला तीनदा ओरडून नवऱ्याबद्दल विचारलं. तरी संध्याकाळच्या गाडीत तू माझ्याआधी चढून खिडकीजवळ बसलीस आणि पिशवी शेजारी ठेवलीस.

परतीचं तिकीट मी नळदुर्गचं काढलं नाही. अणदूरचं काढलं. किल्ली रुक्साना भाभीकडं होती. ती माझ्याबरोबर आत आली, दिवा लावला, माठ भरला आणि म्हणाली, "ऱ्हावा इथंच. घर बंद ठिवलं की घुशी येत्यात." तिनं रात्रीचं कालवण आणून दिलं. तू तिच्याकडं माझ्याबद्दल कधी काही बोलायचीस का, मी विचारलं. ती खरं बोलणारी बाई आहे. म्हणाली, "न्हाय बाई. तुमचा विषय निघाला की उठून जायची."

मागच्या खोल्यांत खरंच हरभऱ्याची पोती आहेत. मी सगळीकडं बघितलं, अक्का. ट्रंकेत, फळीवर, देवाच्या कोनाड्यात. तू माझ्यासाठी काही ठेवलं असशील, चिठ्ठी म्हण, लहानपणचं काही म्हण, असं मला वाटत होतं. काही नव्हतं. चार लुगडी, चष्मा, कानाच्या औषधाची रिकामी बाटली, भिंतीवरच्या कॅलेंडरवर कालच्या तारखेभोवती पेन्सिलीचा गोल. तू मला माफ केलं होतंस असं सांगणारं एकही चिटोरं नाही. केलंही नसशील. मी तुला तो वेळच दिला नाही.

आज सकाळी ग्रामसेवक आला. चांगला मुलगा आहे, माझ्या शाळेतल्या एका शिक्षिकेचा जावई. वारसनोंदीचा कागद घेऊन आला होता. ओसरीत बसून त्यानं लिहायला सुरुवात केली.

"मयताशी नातं?"

"धाकटी बहीण."

"मालक म्हणून तुमचं नाव लागेल. अन् भोगवटादार? म्हणजे जागा ताब्यात कुणाच्या?"

"काशीबाईच्या," मी म्हणाले.

त्यानं पेन थांबवलं. "मॅडम, त्या वारल्या. मयताचा ताबा लिहिता येत न्हाय. तुमचं लिहितो."

"थोडे दिवस कोरं ठेवता येईल का?"

त्यानं पेनाला टोपण लावलं. मग कागदाची घडी घालून खिशात ठेवत म्हणाला, "पुढच्या आठवड्यात येतो, मॅडम. घाई न्हाय."

तोवर मी तुझ्या घरी पाहुणी आहे, अक्का.